कुंडलिकेच्या मुखाशी एक भाषा: कोर्लईचं प्रकरण

अलिबागहून मुरूडला जाणारी एसटी रेवदंडा सोडते, साळावच्या पुलावरून कुंडलिकेची खाडी ओलांडते आणि उजव्या हाताला समुद्रात शिरलेली डोंगराची एक सोंड दिसू लागते. सोंडेवर कोर्लईचा किल्ला, पायथ्याला कोर्लई गाव. येणारी माणसं बहुतेक किल्ल्यासाठी, दीपगृहासाठी, नाहीतर पुढच्या काशीदच्या वाळूसाठी आलेली असतात. गावातल्या ख्रिस्ती वस्तीत घरोघरी जी भाषा चालते, ती ऐकायला फारसं कुणी थांबत नाही. बोलणारे तिला नौलिंग म्हणतात, म्हणजे आपली भाषा. क्रिस्ती हेही तिचं एक नाव आहे. बोलणारी माणसं सुमारे आठशे ते हजार. शब्द मुख्यतः पोर्तुगीज, वाक्याची बांधणी बरीचशी मराठी. सगळ्यांना मराठी उत्तम येते, बाजारात आणि कचेरीत ती मराठीच बोलतात, आणि उंबऱ्याच्या आत आलं की नौलिंग.

भाषाशास्त्रात अशा भाषेला क्रिओल म्हणतात. दोन अगदी वेगळ्या भाषांची माणसं सत्ता, व्यापार किंवा गुलामीमुळे एकत्र आली की आधी कामापुरती बोली तयार होते. तिच्यात मुलं वाढली की तीच मातृभाषा होते, आणि तिचं स्वतःचं व्याकरण बसतं. पोर्तुगीज जिथे जिथे गेले तिथे अशा भाषा झाल्या, त्यामुळे कोर्लईत एक निर्माण झाली याचं आश्चर्य नाही. प्रश्न ती टिकली कशी हा आहे. उत्तर कोकणात पोर्तुगीजांनी दोनशे वर्षं राज्य केलं, वसईत, साष्टीत, ठाण्यात, चौलला. १७४० पर्यंत हे सगळं त्यांच्या हातून गेलं. मग पोर्तुगीज निघून गेल्यावर जवळपास तीन शतकं त्यांच्या भाषेचं हे रूप या एकाच गावात का उरलं?

वर्तमानपत्रांत दर दोन-चार वर्षांनी कोर्लईवर एखादा लेख येतो आणि त्यात उत्तर ठरलेलं असतं: दुर्गम गाव, जगापासून तुटलेलं, म्हणून भाषा वाचली. हे उत्तर अर्धंच बरोबर आहे. उरलेलं अर्धं शोधायचं तर आधी नकाशा नीट पाहायला हवा आणि मग तो थोडा वेळ बाजूला ठेवायला हवा.

जागा

कोर्लई दुर्गम कधीच नव्हतं. मुंबईचं दक्षिण टोक इथून सरळ रेषेत सुमारे ४० किलोमीटरवर आहे. खाडीच्या पलीकडच्या काठावर रेवदंडा आणि त्याला लागून चौल, म्हणजे या किनाऱ्यावरचं एकेकाळचं मोठं बंदर. दहाव्या शतकाच्या सुरुवातीला अरब प्रवासी अल-मसूदी इथे आला होता, तेव्हा या गावाला अरब सैमूर म्हणत. पंधराव्या शतकात अफानासी निकितिन हा रशियन व्यापारी जहाजातून उतरला तो चौललाच. उत्तरेला चौलपासून अलिबागपलीकडे पसरलेलं अष्टागर, नारळी-पोफळीच्या वाड्यांचा सलग पट्टा. त्यातल्याच अक्षीला मराठीतल्या सर्वांत जुन्या लेखांपैकी एक मानला जाणारा शिलालेख आहे, शके ९३४ चा, म्हणजे इ.स. १०१२ चा. पोर्तुगीज येण्याआधी पाचशे वर्षं इथे मराठी दगडावर कोरली जात होती. इतक्या जुन्या मराठीच्या शेजारी एक परकी मुळाची भाषा जगली, ही या प्रकरणातली खरी गंमत.

आता खाडीचा भाग. कुंडलिका सह्याद्रीत उगम पावते, कोलाड-रोह्यावरून येते आणि रेवदंड्याजवळ समुद्राला मिळते. भरतीचं पाणी रोह्याच्या दिशेने खूप आतपर्यंत चढतं. म्हणून पूल नव्हता तेव्हा समोर दिसणाऱ्या रेवदंड्याला जायला दोनच मार्ग होते: होडी, नाहीतर खाडीच्या काठाकाठाने रोह्याकडे जाऊन वळसा. पावसाळ्यात होडीचा भरवसा नसे. दक्षिणेला मुरूडपर्यंत डोंगर समुद्रात उतरलेले, मध्ये लहान लहान पुळणी आणि खाजणं.

कोकणात हे चित्र नवं नाही. सह्याद्री देशाला आडवा आणि नद्या किनाऱ्याला आडव्या, त्यामुळे उत्तर-दक्षिण जमिनीने जाणं सगळ्यात अवघड. एका खाडीतून वर घाटमाथ्यापर्यंत माल जाई, किनाऱ्याकिनाऱ्याने गलबतं जात, पण शेजारच्या खोऱ्यात पायी जायला दिवस मोडे. दर बारा कोसांवर भाषा बदलते असं आपण म्हणतो. कोकणात ते कोस नसून खाड्या आहेत असं मला वाटतं. बाणकोटी, संगमेश्वरी, मालवणी ही बोलींची नावं बघा, बहुतेक एखाद्या बंदराची किंवा खोऱ्याची आहेत.

म्हणजे कोर्लईला खाडीने अलग केलं हे खरं. पण तेवढीच अलग असलेली शंभर गावं या किनाऱ्यावर आहेत आणि ती सगळी मराठी बोलतात. शिवाय खुद्द कोर्लईत कोळी आहेत, मुसलमान आहेत, आणि त्यांच्या घरात नौलिंग नाही. एकाच डोंगराच्या पायथ्याशी, त्याच खाडीचं पाणी बघत राहणारे शेजारी. पाण्याने भाषा राखली म्हणायचं तर पाण्याने ती काही घरांतच का राखली?

१७४० च्या आधी आणि नंतर

पोर्तुगीज चौलच्या पाण्यात सोळाव्या शतकाच्या पहिल्याच दशकात आले. १५०८ मध्ये इथे इजिप्तच्या आरमाराशी त्यांची लढाई झाली आणि व्हाइसरॉयचा मुलगा लोरेन्सो द आल्मेदा तीत मारला गेला. १५२१ मध्ये अहमदनगरच्या निजामशहाकडून त्यांना इथे किल्ला बांधायची परवानगी मिळाली. पुढे तटबंदीच्या आत चर्चेस, मठ, वखारी, घरं असं शहर उभं राहिलं. रेवदंड्याच्या किल्ल्यात आज नारळाच्या वाड्यांमधून फिरताना त्याचे अवशेष दिसतात, तो सातखणी मनोरा त्यातलाच. खाडीच्या मुखावर खरी हुकमत मात्र समोरच्या डोंगराची. निजामशहाने तिथे किल्ला बांधायला घेतला तेव्हा चौलचा गळा आवळला जाईल हे पोर्तुगीजांना कळलं, आणि १५९४ मध्ये त्यांनी तो डोंगर जिंकून घेतला. कोर्लईची वस्ती या किल्ल्याच्या आसऱ्याने वाढली.

चौल हा पोर्तुगीजांच्या उत्तर प्रांताचा दक्षिणेकडचा तुटक तुकडा होता. वसई, साष्टी, ठाणे हा भाग जवळजवळ सलग. चौल त्यापासून लांब, भोवती आधी निजामशाही, मग सिद्दी, आंग्रे आणि मराठे. गस्तीचे शिपाई, त्यांच्या घरचे नोकर आणि गुलाम, धर्मांतर केलेले स्थानिक, असे मोजके लोक एका चिंचोळ्या जागेत राहत होते. क्रिओल तयार व्हायला अशीच जागा लागते.

१७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली आणि १७४० मध्ये चौल-कोर्लईही मराठ्यांकडे आले. ज्यांना जाणं परवडत होतं ते पोर्तुगीज आणि त्यांच्याशी जोडलेली घराणी गोव्याकडे गेली. जी माणसं मागे राहिली ती कुणाचीच महत्त्वाची नव्हती. पोर्तुगीज जगाशी त्यांचा एकच धागा उरला, चर्चचा पाद्री. तो पोर्तुगीज पाद्रोआदोच्या, म्हणजे राजाश्रयाखालच्या चर्चव्यवस्थेतून येई आणि प्रार्थना पोर्तुगीजमध्ये शिकवी. हा धागा अगदी १९६० च्या दशकापर्यंत टिकला.

इंडियाना विद्यापीठातले भाषाशास्त्रज्ञ क्लॅन्सी क्लेमेंट्स यांनी या भाषेचा अनेक वर्षं अभ्यास केला. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: कोर्लईच्या ख्रिस्त्यांना धर्माने हिंदू-मुसलमान शेजाऱ्यांपासून वेगळं केलं, आणि जातीने वरच्या जातींतून आलेल्या ख्रिस्त्यांपासून. लग्नं गावातल्या गावात होत राहिली. बाहेरून सून आली नाही की सासूला घरात दुसरी भाषा बोलायची वेळ येत नाही. ही गोष्ट कळली की नकाशाचं उरलेलं अर्धं दिसू लागतं. खाडीची रेघ आणि सोयरिकीची रेघ एकावर एक बसली, तिथे भाषा राहिली. कोळीवाड्याला खाडी तीच होती, पण कोळ्यांची सोयरीक किनाऱ्यावरच्या दुसऱ्या कोळीवाड्यांशी, होडीने जोडलेली. त्यांच्यासाठी तेच पाणी रस्ता होतं.

आणखी एक कारण आहे आणि ते कुठे फारसं मांडलं जात नाही: गाळ. कुंडलिकेच्या मुखाशी गाळ साचत गेला, सुरत आणि नंतर मुंबई वर आली, आणि चौलचं बंदर म्हणून महत्त्व संपलं. मरत्या बंदरात नवी माणसं येत नाहीत. व्यापारी येत नाहीत, कारागीर येत नाहीत, नवी सत्ता तिथे कचेऱ्या थाटत नाही. चौल जिवंत राहिलं असतं तर कोर्लईची भाषा पन्नास वर्षांत गेली असती असं माझं मत आहे. बंदराचा बाजार अशा लहान वस्तीला गिळून टाकतो. कोर्लईला त्या अर्थाने एकांत निसर्गाने जन्मतः दिला नव्हता, तो दोनशे वर्षांनी मिळाला, खाडी उथळ झाल्यावर.

ताडून पाहण्यासाठी शेजारी

एका गावावरून काहीही सिद्ध करता येतं, म्हणून त्याच किनाऱ्यावरचे दुसरे समाज शेजारी ठेवून पाहू.

वसईपासून सुरुवात करू, कारण इथे राज्य तेच, धर्म तोच आणि काळही जवळजवळ तोच. तरी वसईच्या ख्रिस्त्यांनी पोर्तुगीज क्रिओल धरून ठेवली नाही. त्यांच्या घरात सामवेदी ऊर्फ कादोडी, वाडवळी अशा मराठीच्या बोली राहिल्या, आणि त्या इतक्या वेगळ्या की पुण्याच्या माणसाला पहिल्यांदा ऐकून निम्मंही कळत नाही. कारण सरळ आहे. वसईची खाडी आणि वैतरणा यांच्या मधली जमीन सुपीक आणि ऐसपैस. तिथे गावंच्या गावं ख्रिस्ती झाली, शेती-बागायत करणारी, संख्येने भरपूर. त्यांना आपली भाषा बदलायची गरज पडली नाही. पोर्तुगीज वर कितीही असले तरी खाली मराठीचा थर जाड होता. भूगोलाने इथेही बोली राखल्या, फक्त त्या मराठीच्या होत्या.

मुंबई आणि साष्टीतही एके काळी पोर्तुगीज क्रिओल बोलली जाई. गोव्यातल्या आसगावचे सेबास्तियांव रोदोल्फो दालगादो यांनी १९०६ मध्ये या उत्तरेकडच्या बोलीवर लिहिलं, म्हणजे विसाव्या शतकाच्या तोंडाशी ती नोंदवता येण्याइतकी होती. पण मुंबईत १८५३ पासून आगगाडी, गिरण्या, गोदी, इंग्रजी शाळा. तिथल्या ख्रिस्त्यांनी १८८७ मध्ये व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवाचा मुहूर्त साधून ईस्ट इंडियन हे नाव घेतलं, गोव्याहून आणि मंगळूरहून आलेल्यांपासून आपण वेगळे हे सांगण्यासाठी. नाव इंग्रजी घेतलं यातच पुढची दिशा दिसते.

बेने इस्रायल समाजाची गोष्ट तर कोर्लईच्या अगदी उलट आहे. परंपरा सांगते की त्यांचे पूर्वज चौलच्या उत्तरेला नवगावजवळ जहाज फुटून किनाऱ्याला लागले. म्हणजे उतरण्याची जागा जवळजवळ तीच. पण त्यांनी तेलाचा घाणा धरला आणि शनिवारी काम बंद ठेवत म्हणून शनिवार तेली म्हणवले गेले. तेल्याचा धंदा एका गावात मावत नाही. दर गावाला एक-दोन घाणे पुरतात. त्यामुळे हा समाज खाडीच्या दोन्ही अंगांना गावोगाव पांगला. त्यांची आडनावं वाचली तरी पांगण्याचा नकाशा काढता येतो: रोहेकर, पेणकर, किहीमकर, चेऊलकर. सोयरीक त्यांचीही आपसातच. पण एका गावात एक-दोन घरं असतील तर मुलांना खेळायला सोबती मराठीच मिळतात. शब्बाथ टिकला, सुंता टिकली, घरात मराठी आली.

आणि जंजिरा. कोर्लईच्या दक्षिणेला, मुरूडसमोर, चारी बाजूंनी समुद्राचं पाणी असलेला किल्ला. अलगपणाच भाषा वाचवत असता तर सिद्दींची एखादी आफ्रिकी भाषा इथे पक्की टिकायला हवी होती. सिद्दींचं राज्य १९४८ पर्यंत होतं, म्हणजे सत्ताही हाताशी. पण हबसाण, म्हणजे आजचा इथिओपिया, आणि पूर्व आफ्रिकेतून आलेली ही माणसं मुळात एका भाषेची नव्हती, आणि राज्य चालवायचं तर मुलुखाशी, दरबारांशी बोलावं लागतं. सत्ताधारी अलग राहू शकत नाही. त्याला कारभारी लागतात, कुळं लागतात, तह करायला लागतात. कोर्लईच्या गरीब वस्तीशी कुणाला तह करायचा नव्हता.

ही चार उदाहरणं बघून मी माझ्यापुरतं असं म्हणतो: डोंगर-पाणी भाषेला जागा देतं, पण ती राहते कुणाच्या तोंडी हे वस्ती दाट की पांगलेली, सोयरीक कुठवर, आणि पोट कशावर, यावरून ठरतं. शाळेच्या भूगोलात आपण सह्याद्री आणि खाड्या शिकतो आणि दुसऱ्या अर्ध्या भागाला समाजशास्त्र म्हणून वेगळ्या तासाला टाकतो. कोर्लईत तशी फोड करता येत नाही.

खाडी गळत होती

नौलिंगचं व्याकरण पाहिलं की कोर्लई कधीच बंद नव्हतं हे पक्कं होतं. पोर्तुगीजमध्ये वाक्य ‘मी खातो भात’ अशा क्रमाने येतं, क्रियापद मध्ये. कोर्लईत ते ‘मी भात खातो’ असं झालं, क्रियापद शेवटी, मराठीसारखं. शब्द पोर्तुगीज, पण बसण्याची जागा मराठीने नेमून दिलेली.

क्रियापदांची रचना त्याहून बोलकी आहे. पोर्तुगीज क्रियापदांचे तीन गट असतात, शेवटच्या स्वरावरून ओळखायचे. कोर्लईने ते तीन ठेवले आणि चौथा स्वतःचा उघडला, ऊकारान्त. मराठीतून उचललेली क्रियापदं या चौथ्या खणात जातात. म्हणजे मराठीतून इतकी क्रियापदं आली की त्यांच्यासाठी व्याकरणात कायमची सोय करावी लागली. बाजारात, शेतावर, दुसऱ्याच्या कामावर रोज मराठी बोलल्याशिवाय हे घडत नाही.

इथे दमण-दीवशी तुलना करण्यासारखी आहे. तिथेही पोर्तुगीज क्रिओल आहेत, भोवती गुजराती आहे, आणि गुजरातीतही क्रियापद शेवटीच येतं. तरीही त्या क्रिओलमध्ये क्रियापद पोर्तुगीजच्या जवळ, मध्येच राहिलं. फरक सत्तेच्या मुदतीचा आहे. दमण-दीव डिसेंबर १९६१ पर्यंत पोर्तुगीजांकडे होते. शाळा, कचेरी, फौज सगळं पोर्तुगीज, त्यामुळे क्रिओलला सारखं मूळ भाषेकडे ओढणारं कुणीतरी होतं. कोर्लईत ती ओढ २२१ वर्षं आधी तुटली. शिकवणारा एकटा पाद्री, आणि तोही प्रार्थनेपुरता. मग भाषेने ज्यांच्याशी रोजचा संबंध होता त्यांचं वळण घेतलं. अडवणारी खाडी आणि ओलांडली जाणारी खाडी एकच होती. दिवसभर तिच्यावरून मराठी येत होती आणि संध्याकाळी ती घराच्या दारापाशी थांबत होती.

मिस्सा आणि पूल

बदल दोन टप्प्यांत आला, आणि पहिल्याचा भूगोलाशी संबंध नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, म्हणजे १९६२ ते १९६५ नंतर, जगभरच्या कॅथलिक चर्चमध्ये लॅटिनच्या जागी लोकांच्या भाषेत मिस्सा, म्हणजे चर्चमधली सामूहिक उपासना, करायचं ठरलं. हेतू चांगला होता. पण कोर्लईत लोकांची भाषा म्हणून मराठी ठरली. महाराष्ट्रातल्या चर्चच्या दृष्टीने ते स्वाभाविकच; हजार माणसांच्या भाषेत प्रार्थनेची पुस्तकं कोण छापणार? त्याच सुमारास पोर्तुगीज भाषा जाणणारे पाद्री येणंही थांबलं. जी भाषा दोनशे वर्षं उपासनेच्या भाषेची गरीब नातेवाईक म्हणून चालली होती, तिचं ते नातंही गेलं. शाळा तर मराठीच होती.

दुसरा टप्पा साळाव-रेवदंड्याचा पूल, १९८६ चा. होडीची वाट पाहणं संपलं. अलिबाग तासाभराच्या आत आलं, मुंबई आवाक्यात आली, साळावला पोलादाचा कारखाना आला, काशीदला पर्यटक येऊ लागले. रेवदंड्याला शाळेत जाणारं मूल आता रोज घरी परतू शकतं, पण दिवसाचे सात-आठ तास मराठीत घालवून. त्याहून मोठा फरक सोयरिकीचा. स्थळं आता मुंबई-वसईपर्यंत बघता येतात. वसईची मुलगी सून म्हणून आली तर घरात बोलायची भाषा मराठी. ती नौलिंग शिकेलही, काही शिकतातही, पण मुलांशी ती कोणत्या भाषेत बोलेल हे सांगायला ज्योतिषी नको.

पुलामुळे भाषा मरते असं म्हणून हळहळणारा सूर मला आवडत नाही. तो सूर लावणाऱ्या माणसाला ऐन पावसात, रात्री, अडलेल्या बाईला होडीतून पलीकडे न्यावं लागलेलं नसतं. कुठल्याही भाषेसाठी पूल न बांधणं हा पर्याय असू शकत नाही. प्रश्न इतकाच की पूल बांधताना, शाळा काढताना, मिस्सा मराठीत आणताना, इथे एक वेगळी भाषा आहे हे कुणाच्या हिशेबात तरी होतं का. नव्हतं, असं दिसतं.

शिवाय पूल एका झटक्यात काही करत नाही. १९८६ ला चाळीस वर्षं होत आली आणि नौलिंग अजून बोलली जाते. लग्नात गाणी म्हटली जातात, बायका दारात बसून याच भाषेत बोलतात. १७४० ला राज्य गेलं तेव्हाही भाषा लगेच गेली नव्हती. सत्ता, बंदर, उपासना, रस्ता अशी आधाराची एकेक खुंटी निघत जाते आणि उरलेल्या खुंट्यांवर भार वाढतो. सध्या सगळा भार घरावर आहे.

आता काय मोजायचं

जनगणना इथे उपयोगी पडत नाही. १९७१ पासून दहा हजारांपेक्षा कमी बोलणारे असलेल्या भाषांचे आकडे वेगळे छापले जात नाहीत, त्यामुळे कोर्लईची हजार माणसं सरकारी तक्त्यांत स्वतंत्र दिसतच नाहीत. बोलणाऱ्यांची एकूण संख्या कळली तरी तिचा फार उपयोग नाही. साठीच्या पुढची माणसं बोलत असतील तर आकडा अजून वीस वर्षं चांगला दिसेल आणि मग एकदम कोसळेल.

माझ्या मते इथे सगळ्यात कामाचा कागद चर्चचं लग्नाचं रजिस्टर आहे. कॅथलिक चर्चमध्ये नवरा-नवरी कोणत्या धर्मग्रामाचे, म्हणजे कोणत्या चर्चच्या हद्दीतले, हे प्रत्येक लग्नात लिहिलं जातं. १९८६ च्या आधीची वीस वर्षं आणि नंतरची वीस वर्षं घेऊन जोडीदार गावातला की बाहेरचा एवढं मोजलं, तर सोयरिकीची रेघ खाडीवरून कधी आणि किती सरकली हे कळेल. मग त्यातली काही घरं घेऊन विचारायचं: आजी नातवाशी काय बोलते आणि नातू कोणत्या भाषेत उत्तर देतो. आजीच्या नौलिंगला नातू मराठीत उत्तर देत असेल, तर त्या घराचा हिशेब स्पष्ट आहे. हे काम परक्या विद्यापीठाची वाट बघत बसण्यासारखं नाही. अलिबाग-मुरूडच्या एखाद्या महाविद्यालयाच्या भूगोल आणि मराठी विभागांनी मिळून, गावाची संमती घेऊन, एका उन्हाळ्यात ते करता येईल. सोबत गाणी आणि बोलणं ध्वनिमुद्रित करून ठेवता येईल, आणि वाचनासाठी देवनागरी वापरता येईल, ती गावातल्या प्रत्येक मुलाला येतेच.

घाईचं कारणही आहे. रेवस ते रेड्डी या सागरी महामार्गाच्या आराखड्यात कुंडलिकेवर नवा, मोठा पूल धरलेला आहे. तो झाला की या किनाऱ्यावरच्या जमिनींचे भाव, हॉटेलं आणि बाहेरची वस्ती यांचा वेग १९८६ नंतरच्या बदलांपेक्षा कितीतरी जास्त असेल. तेव्हा कोर्लईत राहायला येणारे हिंदी आणि इंग्रजी घेऊन येतील, आणि नौलिंगचा शेजार मराठी एवढाच राहणार नाही. रजिस्टर त्याआधी उघडायला हवं.